सुलतानला भरवलेले घास

सरड्याला हातातून भरवायचं असेल तर आधी आपला हात गरम करावा लागतो. मी दोन्ही तळहात एकमेकांवर चोळायचे, थंडीत चहाच्या कपाभोवती धरून ठेवायचे. गार हात पोटाला लागला की तो अंग चोरतो, आणि अंग चोरलेलं जनावर खात नाही. अजगराचं उलटं असतं. त्याला ऊब कळते. गरम हात म्हणजे उंदीरच असं त्याला वाटतं, म्हणून त्याच्या पेटीत हात घालायचाच नाही, लांब चिमट्यानं भरवायचं. ही कामं मी आठ वर्षं केली. चार माणसांत माझ्या तोंडून शब्द फुटत नाही, त्यामुळे कुणाला सांगायचं राहूनच गेलं. आता सांगण्यासारखं कुणी उरलंही नाही, म्हणून वहीत लिहिते आहे.

डिंगोऱ्याच्या पुढे ओढ्याच्या अंगाला पुण्याच्या एका साहेबांचं फार्महाऊस आहे. माझं माहेर घाटघरचं, सासर डिंगोरं. मी तिथे भांडी आणि झाडलोटीला लागले. साहेबांना परदेशी प्राण्यांचा नाद होता. इग्वाना जातीचा एक मोठा हिरवा सरडा, त्याचं नाव सुलतान; गळ्याला काटेरी दाढी असलेले दोन लहान सरडे; आफ्रिकेतलं एक कासव आणि एक बुटका अजगर. आपल्याकडचा साप किंवा घोरपड पाळणं गुन्हा आहे, पण हे परदेशी, आणि त्यांची सरकारात नोंद केलेली होती. शनिवार-रविवारी पाहुणे राहायला यायचे. चुलीवरचं जेवण, बैलगाडी आणि मग प्राणी बघणं, असा त्यांचा दिवस.

प्राण्यांसाठी पुण्याहून एक शिकलेला माणूस ठेवला होता. सुलताननं त्याच्या तोंडावर शेपटीचा फटका मारला आणि तो तिसऱ्या दिवशी निघून गेला. सुलतान नाकापासून शेपटीच्या टोकापर्यंत माझ्या खांद्याइतका लांब होता. त्यानंतर आठवडाभर त्याला कुणी हात लावेना. मी त्याच्या खोलीत फरशी पुसायला गेले होते. दुपारच्या भाजीसाठी घेतलेला शेवग्याचा पाला पदरात होता, तो तिथेच टेकून निवडत बसले. एवढ्यात तो फांदीवरून उतरला, सरळ माझ्याजवळ आला आणि माझ्या हातातली डहाळी ओढून खायला लागला. मी हलले नाही. धाडस म्हणून नाही, भीतीनं. साहेब दारात उभे राहून बघत होते. ते म्हणाले, "वा मावशी! तुला तर जमतंय. किती शांत बसलीस!"

असं मला ते काम लागलं.

भरवण्यात काय असतं ते सांगते. वरून हात न्यायचा नाही. त्यांच्या देशात काय आणि आपल्याकडे काय, सरड्याला वरून येते ती घार. हात बाजूनं, खालून, त्याला दिसेल असा न्यायचा आणि मध्येच थांबवायचा. उरलेलं अंतर त्यानं कापायचं. तो जीभ लावून बघतो. जीभ लावली म्हणजे हो नव्हे, विचार चाललाय एवढंच. पाला देठाकडून धरायचा, म्हणजे आपलं बोट तोंडापासून वीतभर लांब राहतं. त्यानं पकडल्यावर ओढायचं नाही. ओढलं की तो जोर करतो, आणि त्याचे दात बारीक करवतीसारखे असतात. बोटांना कोथिंबिरीचा किंवा सुकटीचा वास असेल तर आधी साबणानं धुवायचे. नंतरही धुवायचे, कारण त्यांच्या अंगावरचे जंतू आपल्या पोटात गेले तर माणूस अंथरूण धरतो. गळ्याखालची झालर खाली पडली, मान वरखाली हलायला लागली, शेपटी वळली, की ताटली ठेवून मागे सरायचं. त्यात मानापमान धरायचा नाही.

शेवगा, जास्वंदीची पानं आणि फुलं, दोडका, लाल भोपळा. पालक सारखा नाही. भात नाही, पाव नाही, अंडं नाही. अजगराचे उंदीर पुण्याहून बर्फात यायचे, त्यांचा फ्रीज वेगळा होता. तरी नवीन आलेल्या स्वयंपाकीणबाईनं एकदा तो उघडला आणि ती तशीच एस.टी. थांब्यावर जाऊन बसली.

सगळ्यात मोठी गोष्ट उन्हाची. आपल्या पोटात चूल असते. आपण थंडीत जेवलो तरी अन्न शिजतं. त्यांची चूल बाहेर असते. सकाळी दोन तास ऊन किंवा तापलेला बल्ब अंगावर घेतला की मग पोट चालू होतं, आणि खाल्ल्यावरही तेवढीच ऊब लागते. गार असताना पोटात गेलेलं पचत नाही, तिथेच कुजतं. कात टाकायच्या वेळीही ते खात नाहीत. त्यांना तेव्हा उपास करू द्यायचा.

हे पाहुण्यांना समजावणं अवघड होतं. आपल्याकडे खाऊ घालणं म्हणजे माया. पानावर बसलेल्यानं नको म्हटलं तरी वाढणारी आणखी एक पोळी टाकते, आणि त्यानं ती संपवली की तिचा जीव सुखावतो. मीही तशाच घरात वाढले. घाटघरला आमच्याकडे नाचणीची भाकरी आणि वरईचा भात, एवढंच असायचं, पण दारात आलेला कुणी तसाच गेला तर आई दिवसभर कुणाशी बोलत नसे. माझ्या कामातलं निम्मं काम मात्र न भरवण्याचं होतं. हात मागे घेण्याचं. ते कुणाला दिसत नाही आणि त्याचा फोटो निघत नाही.

माणसं तऱ्हेतऱ्हेची यायची. घाटाकडचा एक म्हातारा काठी टेकत आला आणि फाटकावरच्या दगडूभाऊंना म्हणाला, "पावणं, तुमच्याकडं घोरपड हाय म्हणं. तेल काढता का? गुडघं लई धरल्यात."

दगडूभाऊ म्हणाले, "बाबा, ती घोरपड न्हाई, फॉरेनचा सरडा हाय. त्याचं तेल लावलं तर गुडघं इंग्रजी बोलत्याल."

म्हातारा थोडा वेळ खरंच विचार करत उभा राहिला.

दगडूभाऊ आमचे राखणदार. साठी उलटलेले, तंबाखू आणि थट्टा दोन्ही तोंडात कायम. तिथे मी ज्यांच्याशी बोलायचे ते एवढेच.

साहेबांचे एक ओळखीचे मंचरला राहायचे. त्यांच्याकडे कासव होतं, भरभराट होते म्हणून आणलेलं. ते खात नाही म्हणून साहेबांनी मला गाडीतून तिकडे पाठवलं. हॉलमध्ये एसीखाली काचेचं कपाट, त्यात कासव. घरच्या काकू त्याला तूप लावलेली चपाती आणि चतुर्थीला पेढा बोटावर घेऊन भरवायच्या. पाठीचं कवच दाबलं तर आत जात होतं. मी सांगितलं की याला उन्हात सोडा, गवत आणि पाला खाली दगडावर ठेवा, बोटानं भरवू नका. काकू म्हणाल्या, "अगं, घरात आलेल्या लक्ष्मीला गवत घालू? लोक काय म्हणतील?"

एवढ्यात त्यांची सून चहा घेऊन आली. तिच्या पायाच्या नखांना लाल रंग लावलेला होता. कासवाला लाल म्हणजे जास्वंद. मी काकूंना दाखवण्यासाठी त्याला खाली ठेवलं होतं, त्यानं तिचा अंगठाच धरला. चहा सगळा सोफ्यावर.

काकू म्हणाल्या, "चावली नाही गं, पाया पडली तुझ्या."

सून अंगठा धरून म्हणाली, "पाया पडायला दात लागत नाहीत, आई."

कासवाला दात नसतात, चोच असते. पण ते सांगायची वेळ नव्हती. मी पाणी आणून तिचा अंगठा साबणानं धुतला. पुढच्या वर्षी मी पुन्हा गेले तेव्हा त्या कपाटात मासे होते. कासवाचं काय झालं हे मी विचारलं नाही आणि काकूंनी सांगितलं नाही.

एकदा खोडदच्या मोठ्या दुर्बिणीवर नोकरीला असलेले एक गृहस्थ मुक्कामाला आले होते. सगळे फोटो काढत असताना ते मागे थांबले आणि सगळे गेल्यावर मला म्हणाले, "बाई, भरवायचं कसं ते तुम्ही दाखवलंत. केव्हा भरवायचं नाही, हे कशावरून ठरवता?" आठ वर्षांत हे विचारणारा तेवढा एकच माणूस. मी त्यांना त्वचेचा रंग, डोळा, पोटाखालची ऊब, सगळं सांगितलं. इतकं बोलले की नंतर माझी मलाच लाज वाटली.

सुलतान फक्त माझ्याच हातून खायचा. साहेबांनी प्रयत्न केला, त्यांच्या मॅडमनी हातमोजे घालून केला. तो ताटलीतून खायचा, नाहीतर माझ्या हातून. नऊच्या सुमाराला माझ्या वहाणांचा आवाज झाला की फांदीवर पुढे सरकून बसायचा. प्राण्याला माया असते असं मी म्हणणार नाही. मला ते ठाऊक नाही. पण या हाताकडून कधी वाईट झालं नाही, एवढं त्याच्या लक्षात राहत असावं. तेवढंच मी कमावलं होतं.

घरी याच्या उलट होतं. सासूबाईंनी माझ्या हातची भाकरी खाणं सोडलं. "त्या हातानं पीठ मळू नगंस," म्हणायच्या. मी साबणानं कोपरापर्यंत हात धुवायचे, तरी देवाच्या नैवेद्याला मला चुलीपुढे बसू देत नसत. नवरा मध्ये बोलला नाही. जाऊबाईंच्या हातचं तो मुकाट्यानं जेवायचा. पाल-सरड्यावाली, असं मला गल्लीत नाव पडलं होतं. आणि साहेबांच्या पाहुण्यांच्या मोबाइलमध्ये माझा हातच फक्त यायचा, मनगटापर्यंत. एका मॅडमनी तर मला सांगितलं, "मावशी, जरा मागे सरका ना, पदर येतोय."

आता त्या दिवसाचं लिहिते.

साहेबांच्या आईंचं सहस्रचंद्रदर्शन होतं. ऐंशी वर्षं पुरी झाली म्हणजे करतात तो सोहळा. आई फार चांगल्या. त्या आल्या की आधी स्वयंपाकघरात डोकावून आम्हा सगळ्यांची नावं घेऊन चौकशी करायच्या. कार्यक्रम पौषात होता. आमच्याकडे त्या दिवसात ओढ्यावरून धुकं उठतं ते अकरा वाजेपर्यंत हलत नाही. त्यात आभाळ आलेलं. आणि आदल्या दिवशी सकाळीच गावाची डीपी जळाली. वीज गेली ती गेली.

सुलतानच्या खोलीतला बल्ब बंद. मी गरम पाण्याच्या बाटल्या गोधडीत गुंडाळून त्याच्या बाजूला ठेवल्या, पण खोली मोठी आणि त्याचं अंगही मोठं. दुसऱ्या दिवशी सकाळी बघितलं तर हिरवा रंग जाऊन शेवाळासारखा काळपट झाला होता. डोळा अर्धा मिटलेला. पोटाखाली हात घातला तर माठाला हात लावल्यासारखं वाटलं.

जनरेटर होता. मंडपासाठी मागवलेला. मी खांबाआड उभी राहिले आणि साहेब एकटे सापडल्यावर म्हणाले, "साहेब, जनरेटरवर सुलतानच्या खोलीचा एक बल्ब जोडला तर..."

"मावशी, आज मला काही विचारू नकोस. मंडपवाल्याशी बोल."

मंडपवाला स्पीकरच्या वायरी जोडत होता. तो म्हणाला, "लोड न्हाई घेत, बाई. साउंड बंद पडला तर साहेब माझं डोकं खात्याल. पाल मोठी का गाणं मोठं?" त्याच्या हाताखालची माणसं हसली. मी परत आले. दगडूभाऊ म्हणाले, "ताई, मी वायर वढतो, बघू कोण काय म्हणतंय." पण त्यांनाच तेवढ्यात गाड्या लावायला बोलावलं.

मंडपात आईंना ओवाळायला ऐंशी दिवे लावले होते. परातींतून ओळीनं मांडलेले. एवढं तूप, एवढ्या वाती. मी दारातून बघितलं आणि परत सुलतानजवळ जाऊन बसले. मनाशी ठरवलं होतं की आज काही द्यायचं नाही, दुपारी ऊन पडलं तर अंगणात न्यायचं.

जेवणं व्हायच्या आधी सगळी मंडळी प्राणी बघायला आली. पुढे आई, नव्या नऊवारीत, हातात पुरणपोळीचा तुकडा.

"अगं कमल, हा जेवला का?"

"न्हाई, आई. त्याला उपास हाय आज."

"उपास? अगं, आज माझ्या दारातून मुंगीसुद्धा उपाशी जायची नाही." त्यांनी पुरणपोळी पुढे केली. सुलताननं तोंड फिरवलं.

साहेबांचे मेहुणे म्हणाले, "आई, त्यालाही डॉक्टरनी गोड बंद केलंय." सगळे हसले. आईही हसल्या, पण त्यांचा चेहरा उतरला. हात तसाच पुढे राहिला होता.

साहेब म्हणाले, "मावशी, तू भरव. आई तुझ्या हाताला हात लावेल."

आठ वर्षांत मी साहेबांना कशालाही नाही म्हटलं नव्हतं. मी म्हणाले, "साहेब, आज नको. गार हाय त्यो."

त्यांना ऐकू गेलं. कारण त्यांनी आवाज खाली केला. "फोटोग्राफर थांबलाय, मावशी. चार घास. तुझ्या हातचं तो नाही म्हणत नाही."

ते खरं होतं.

मी भोपळ्याच्या उकडलेल्या फोडी आणि जास्वंद आणली. आईंनी माझ्या मनगटावर हात ठेवला. त्यांचा हात ऊबदार होता. मेहुणे ओरडले, "या रे सगळे, हाताला हात लावा! मम म्हणा, मम!" पूजेत संकल्प सोडताना यजमानाच्या हाताला घरच्यांनी हात लावायचा आणि मम म्हणायचं, म्हणजे पुण्य सगळ्यांना मिळतं, तसं. मॅडम, मेहुणे, त्यांची बायको, सुना, एकाच्या कोपराला दुसऱ्याचा हात अशी रांग लागली. नऊ जण होते. हसत होते सगळे. एरवी माझ्या हाताला कुणी हात लावत नाही.

सुलताननं पहिल्यांदा तोंड फिरवलं. दुसऱ्यांदा फिरवलं. दुसऱ्या कुणाचा हात असता तर तिथेच संपलं असतं. पण मला माहीत होतं की ओठाच्या कोपऱ्याला जास्वंदीची पाकळी हलकेच घासली की तो तोंड उघडतो. कात टाकून अशक्त झाला होता तेव्हा मीच ते शोधून काढलं होतं, त्याच्या बऱ्यासाठी. मी पाकळी घासली. त्यानं तोंड उघडलं. डोळे मिटलेलेच होते.

"मम!" सगळे म्हणाले.

चार घासांवर थांबलं नाही. प्रत्येकाला आपापला फोटो हवा होता. नऊ घास झाले. प्रत्येक वेळी तो तोंड फिरवायचा, मी पाकळी लावायचे, तो उघडायचा. टाळ्या वाजल्या. आई म्हणाल्या, "बघ, मायेनं दिलं की घेतो." आणि मंडळी जेवायला गेली.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वीज आली. तोवर पोट फुगायला लागलं होतं. तिसऱ्या दिवशी त्याच्या तोंडाला वास यायला लागला. पाहुणे गेले होते, साहेब होते. नारायणगावाकडून जनावरांचे डॉक्टर आले. भला माणूस. त्यांनी पोट चाचपलं आणि म्हणाले, "बाई, मी गाई-म्हशींचा डॉक्टर आहे, मला यातलं फार कळत नाही. पण हे आत सडलंय." मग साहेबांनी पुण्याच्या डॉक्टरांना मोबाइलवर दाखवलं. त्या बाई होत्या. त्यांनी खोलीत ऊब किती होती ते विचारलं, वीज कधी गेली ते विचारलं, आणि मग म्हणाल्या, "एवढा थंड असताना याला खायला कोणी घातलं?"

साहेब म्हणाले, "आमच्या मावशीनं."

खोटं नव्हतं ते. मी शेजारीच उभी होते. डॉक्टरबाईंनी औषधं सांगितली. चौथ्या दिवशी सकाळी मी गेले तेव्हा तो फांदीवर नव्हता. खाली होता.

मेल्याचं सरकारात कळवायचे कागद साहेबांनी केले. शेवग्याच्या पलीकडे खड्डा घेतला. मम म्हणायला नऊ जण होते, माती ओढायला दगडूभाऊ आणि मी.

दगडूभाऊ म्हणाले, "ताई, तू भरवलं न्हाई असं सांगायचं व्हतंस."

"भरवलंच व्हतं की."

"मग त्यांनी भरवायला लावलं असं तरी सांगायचं."

मी माती ओढत राहिले. मी नको म्हणाले होते, हे मी स्वतःला पुष्कळदा सांगून बघितलं आहे. त्याचा उपयोग होत नाही. नको म्हणून झाल्यावर मीच हात पुढे केला होता. साहेबांना ती पाकळीची युक्ती माहीत नव्हती. मंडपवाल्याला माहीत नव्हती. आईंना तर थंडीचंही ठाऊक नव्हतं. सगळं माहीत असलेली तिथे मी एकटीच होते. बाकीच्यांवर मला राग आहे, आणि तो जाणार नाही, पण रागाची बेरीज करत गेलं की शेवटी माझ्याच हाताशी येऊन थांबावं लागतं.

आईंना सांगितलं की सुलतान उपचाराला पुण्याला नेलाय. त्या पुन्हा आल्या तेव्हा माझा हात धरून म्हणाल्या, "माझ्या वाढदिवसाला किती छान जेवला ना गं तो?" मी हो म्हणाले.

उन्हाळ्यात साहेबांनी नवीन इग्वाना आणला. लहान, कोवळ्या पोपटी रंगाचा, दीड वीत लांब. नाव ठेवलं नवाब. म्हणाले, "मावशी, झालं ते झालं. याला शिकव. पावसाळ्यात पाहुणे वाढतात, तोवर हातातून खायला लागला पाहिजे." आणि त्यांनी डीपी गेली तरी चालेल अशी बॅटरी बसवली, हेही खरं. ते वाईट नाहीत. सुलतानचे आठ वर्षांचे फोटो बघत बसून एकदा त्यांनी डोळे पुसलेले मी पाहिले आहेत.

मी नवाबला ताटली लावली. सकाळी ऊन फांदीवर आलं की पाला बारीक चिरून ताटलीत ठेवायचा आणि खोलीबाहेर जायचं. त्याला माझी चाहूल लागू द्यायची नाही. वहाणा बाहेर काढून जायचे. महिन्याभरानं तो धीट झाला. एकदा मी ताटली ठेवत असताना खाली आला, माझ्या करंगळीला जीभ लावली, मग पुन्हा लावली आणि हातातल्या पानाकडे मान लांब केली. थोडंच अंतर होतं. मी हात तसाच धरला असता तर त्यानं ते कापलं असतं, आणि मग सगळं सोपं होतं. मी पान ताटलीत ठेवलं आणि हात काढून घेतला. तो थोडा वेळ माझ्याकडे एका डोळ्यानं बघत राहिला. मग ताटलीकडे वळला.

पावसाळा तोंडावर आला तेव्हा साहेब बघायला आले. माझ्या हातात पाला दिला. मी मुद्दाम वरून हात नेला, घारीसारखा. नवाब पळाला आणि कोपऱ्यात जाऊन बसला.

"दोन महिने झाले, मावशी."

"न्हाई शिकत, साहेब."

"सुलतानला कसं शिकवलं होतंस?"

"त्ये कसं झालं मला ठावं न्हाई. मला येत न्हाई त्ये काम."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मी खाली बघत होते, पण ती माझी नेहमीची सवय. त्यांना संशय आला नाही. चौथी शिकलेली बाई मला येत नाही म्हणाली की कुणी दुसऱ्यांदा विचारत नाही. ते म्हणाले, "असू दे," आणि मला पुन्हा भांड्यांवर घातलं. प्राण्यांसाठी आता पुण्याहून एक माणूस येतो. हातमोजे घालतो, पुस्तकात बघून पाला मोजतो, चांगला आहे. भरवायला गेला की नवाब फांदीच्या टोकाला जातो.

मी भांडी घासताना खिडकीतून बघते. तो उन्हात तापतो, खाली येतो, ताटलीतलं खातो. अंग गार असलं की खात नाही. आणि तेव्हा त्याला खायला लावेल असा हात त्या घरात आता नाही.